दुरुस्तीनंतरची दुरुस्ती

मोटारीतील आपत्कालीन संपर्कयंत्रणा म्हणजे अपघात झाल्यावर गाडीने स्वतःहून फोन लावून मदत मागण्याची सोय. तिचे दर्शनी रूप अगदी साधे आहे. आतल्या आरशाच्या पट्टीवर किंवा छताच्या दिव्यापाशी ‘एसओएस’ लिहिलेले एक बटन आणि त्याच्या शेजारी एक बारीक दिवा. दिवा हिरवा असेल तर यंत्रणा ठीक, लाल असेल तर बिघाड. दिवाच दिसत नसेल तर एक तर फ्यूज उडालेला आहे, किंवा मॉडेल सगळ्यांत स्वस्तातले असून बटनाच्या जागी कंपनीने नुसते प्लास्टिक बसवले आहे. नव्या गाडीत या दिव्याकडे कोणी पाहत नाही. गाडी दुरुस्तीहून परत आली की मात्र घरातले झाडून सगळे पाहतात, कारण बिल भरून झालेले असते.

बटनामागचा कारभार चार-पाच जागी विखुरलेला असतो. डॅशबोर्डच्या पोटात एक डबा, त्याला शोरूमच्या भाषेत टेलिमॅटिक्स युनिट म्हणतात आणि गडचिरोली जिल्ह्यातल्या धानोऱ्याच्या भाषेत ‘तो डब्बा’. डब्यात न काढता येणारे सिम. भारतात २०१८ पासून यंत्रांच्या सिमना १३ आकडी क्रमांक देण्याची पद्धत आहे, त्यामुळे गाडीचा नंबर कळला तरी तो पाठ करून तिला परत फोन लावण्याची उमेद कोणी धरत नाही. डब्याला स्वतःची छोटी बॅटरी असते, म्हणजे धडकेत मोठी बॅटरी गेली तरी एक फोन निभावता यावा. शिवाय छतावर अँटेना, छताच्या कापडामागे माइक, दारात स्पीकर आणि एअरबॅगच्या युनिटकडून आलेली एक तार. एअरबॅग फुटली की ते युनिट डब्याला कळवते, डबा उपग्रहांकडून आपला ठावठिकाणा घेतो, टॉवर शोधतो आणि फोन लावतो. या साखळीतल्या एकाच कडीवर गाडी बनवणाऱ्याचा काही इलाज चालत नाही, ती म्हणजे टॉवर. धानोरा तालुक्याचा या विषयाशी संबंध त्या कडीवाटे येतो.

युरोपीय संघाने ३१ मार्च २०१८ पासून मोटारींच्या नव्या मॉडेलना ही यंत्रणा सक्तीची केली. तिकडची गाडी धडकली की थेट ११२ ला फोन जातो आणि बोलणे सुरू होण्याआधी १४० बाइटांचा एक निरोप पोचतो. गाडी कुठे आहे, तोंड कोणत्या दिशेला होते, चासी क्रमांक काय, इंधन कोणते आणि सीटबेल्ट किती लागलेले होते, म्हणजे आत माणसे किती. बेल्टवरून माणसे मोजण्याची ही रीत धानोरा रस्त्यावर लागू केली तर मोजदादीची पंचाईत होईल. काळी-पिवळीत चौदा माणसे आणि बेल्ट शून्य. मागून येणाऱ्या ठेकेदाराच्या गाडीत एकटा ड्रायव्हर, पण बीप वाजू नये म्हणून पाचही खाचांत बाजारातून आणलेल्या क्लिपा. पहिलीला कोणी येणार नाही आणि दुसरीसाठी पाच स्ट्रेचर निघतील.

भारतात खासगी मोटारींना अशी सक्ती नाही. २०१९ साली ह्युंदाईची व्हेन्यू, एमजीची हेक्टर आणि कियाची सेल्टॉस या गाड्या आल्या, आणि सिम असलेल्या मोटारी सर्वसामान्यांच्या अंगणात उभ्या राहू लागल्या. फरक एवढाच, की इथे बटन दाबल्यावर फोन ११२ ला न जाता कंपनीच्या कॉल सेंटरला जातो. तिथला माणूस परिस्थिती समजून घेतो आणि मग सरकारी यंत्रणेला कळवतो. रुग्णवाहिका हवी असेल तर १०८, जिचे नियंत्रण केंद्र पुण्यात आहे. पोलीस हवे असतील तर ११२, ज्याची केंद्रे नवी मुंबईत आणि नागपुरात आहेत. म्हणजे धानोऱ्याच्या बसस्टँडसमोर एखादी गाडी खांबाला टेकली तर तिची हाक आधी परराज्यातल्या एखाद्या शहरात जाते, तिथून पुण्याला येते, पुण्याहून धानोऱ्याला परत येते आणि ग्रामीण रुग्णालयाच्या आवारातली रुग्णवाहिका हलते. तेवढ्या वेळात रुग्णालयाच्या फाटकावरचा चहावाला जखमींना पाणी पाजून, त्यांचे गाव विचारून, त्या गावातल्या आपल्या पाहुण्यांची खुशालीही विचारून मोकळा झालेला असतो.

आता मूळ प्रश्न. चालू स्थितीत दुरुस्तीला गेलेली यंत्रणा बंद होऊन परत का येते? याचे शास्त्रीय उत्तर असे, की दुरुस्त केलेला भाग सहसा बिघडत नाही. बिघडतो तो त्या भागापर्यंत पोचण्याच्या वाटेवरचा भाग.

सर्वांत मोठी वाट काचेतून जाते. गिट्टीच्या ट्रकमागे गाडी चालवली की समोरच्या काचेला एक टिचका बसतो. तो पावसाळाभर तसाच राहतो, थंडीत लांबतो आणि उन्हाळ्यात आरपार जातो. काच बदलायची तर तिला चिकटलेला आरसा काढावा लागतो, आणि ज्या गाड्यांत एसओएसचे बटन आरशावरच असते त्यांत आरशामागचा कपलरही. काच बसवणारे दोघे जण नव्या काचेला इतके जपत असतात, की कपलर परत बसला का हे पाहणे त्यांना थोडे क्षुल्लक वाटते. तो छताच्या कापडाआड लोंबकळत राहतो. बटन दाबले की खट्ट आवाज येतो, मालकाचे समाधान होते, फोन मात्र कुठेच जात नाही. आवाज येणे आणि काम होणे यांचा संबंध असतोच असे नाही, ही बाब या भागातल्या मंडळींना निवडणुकीच्या सभांमुळे आधीपासून माहीत आहे.

दुसरी वाट छताची. रात्री रानडुक्कर आडवे येते, गाडी रस्ता सोडून उलटते, माणसे सुखरूप बाहेर पडतात आणि छत बसते. डेंटिंग-पेंटिंगवाला छताचे कापड उतरवतो, पत्रा ठोकून सरळ करतो, रंग मारतो आणि अँटेना पुन्हा चढवतो. अँटेनाची तार खाली डब्यापर्यंत न्यायची असते. ती अर्ध्यात सोडली तरी वरून काही दिसत नाही, उलट रंग नवा असल्याने अँटेना पूर्वीपेक्षा शोभून दिसतो. माइकचेही तसेच. कापडाच्या ज्या जाळीमागे तो असतो तिच्याऐवजी चार बोटे बाजूला बसवला, की समोरच्याला माणसाचा आवाज न जाता एसीच्या पंख्याचा जातो.

तिसरी वाट मालकाच्या हौसेची. कंपनीचा साधा स्टिरिओ काढून त्या जागी मोठा अँड्रॉइड स्क्रीन बसवणे हा लग्नसराईतला प्रघात आहे. कित्येक गाड्यांत एसओएसचा आवाज त्याच स्टिरिओतून स्पीकरला जातो. स्क्रीन बदलल्यावर फोन लागतो, पलीकडचा माणूस बोलतो, पण गाडीत काहीच ऐकू येत नाही. पलीकडच्याला मात्र इकडचे सगळे ऐकू जाते. स्क्रीन बसवणाऱ्याबद्दलची मालकाची मते अशा प्रकारे एका अनोळखी कर्मचाऱ्याच्या कानी पडून रेकॉर्डही होतात.

चौथी वाट उंदरांची, आणि ती दुरुस्तीइतकीच दुरुस्तीला लागणाऱ्या वेळाचीही आहे. सुटा भाग नागपूरहून यायला उशीर लागतो, गाडी शेडमध्ये उभी राहते, शेजारी धानाची पोती असतात. उंदीर धान खातात आणि तोंडाला बदल म्हणून वायरिंग. बॉनेटमध्ये तंबाखूची पाने ठेवण्याचा उपाय सर्वत्र सांगितला जातो. तो उंदरांवर किती चालतो याबद्दल मतभेद आहेत, पण गॅरेजमधली पोरे बॉनेट वारंवार उघडून पाहू लागतात हा त्याचा एक फायदा आहे.

याशिवाय काही कारणे अशी, की त्यांत कोणाचा दोष काढता येत नाही. वेल्डिंग करण्याआधी बॅटरीचे टर्मिनल काढणे योग्यच असते. पण मोठी बॅटरी बरेच दिवस सुटी राहिली की डब्याची छोटी बॅटरी मान टाकते. तिला चार-पाच वर्षांनी बदलावे लागते, हे मालकाच्या पुस्तिकेत छापलेले असते आणि पुस्तिका डिकीत स्टेपनीखाली असते. एअरबॅग फुटून गेल्यावर तिच्या युनिटमध्ये अपघाताची नोंद घट्ट बसते. युनिट बदलले नाही किंवा ती नोंद पुसली नाही, तर गाडीच्या दृष्टीने अपघात अजून चालूच आहे. दुसऱ्या गाडीचा काढलेला डबा स्वस्तात बसवला, तर त्यात चासी क्रमांक दुसरा असतो, आणि मदत मागणारी गाडी मुरूमगावच्या घाटात असली तरी कॉल सेंटरच्या पडद्यावर नाव एखाद्या पुण्याच्या मालकाचे येते. एखाद्या वेळी काहीच बिघडलेले नसते, फक्त फुकट सेवेची पहिली काही वर्षे संपलेली असतात. तारा, कपलर, बॅटरी, अँटेना सगळे तपासून दमलेल्या माणसाला हे कारण शेवटी सापडते आणि ते त्याला आवडत नाही.

निदानाची रीत ठरलेली आहे. स्टीअरिंगखाली सोळा पिनांचे सॉकेट असते, त्याला स्कॅनर लावतात. यू०१९८ असा कोड आला तर त्याचा अर्थ टेलिमॅटिक्स युनिटशी संपर्क तुटलेला आहे. संपर्क का तुटला हे कोड सांगत नाही. तालुक्याच्या कचेरीतल्या फायलीवरच्या शेऱ्यांप्रमाणे, अमुक विभागाकडून उत्तर अप्राप्त, एवढेच प्रत्येक युनिट लिहून ठेवते. मग मेकॅनिक कोड पुसतो. पडद्यावर ‘कोणताही दोष नाही’ अशी ओळ येते. पुष्कळ गाड्या या ओळीवर घरी जातात. कोड पुसणे आणि दोष काढणे यांतला फरक मेकॅनिकला चांगला ठाऊक असतो, पण त्याला संध्याकाळी पाच गाड्या द्यायच्या असतात. योग्य क्रम असा आहे: आधी फ्यूज, मग मोठ्या बॅटरीचा व्होल्ट, मग छोटी बॅटरी, मग दुरुस्तीत जे जे उघडले त्या वाटेवरचे सगळे कपलर, मग अँटेनाची तार, आणि स्कॅनर त्यानंतर. प्रत्यक्षात स्कॅनर आधी लावतात, कारण त्याचे वेगळे पैसे घेता येतात.

इथवरची माहिती नागपूरलाही लागू आहे. धानोऱ्यात तिच्या आधी आणखी एक पायरी येते. बिघाड गाडीत आहे की जंगलात, हे आधी ठरवावे लागते.

धानोरा गडचिरोलीच्या पूर्वेला तीस-पस्तीस किलोमीटरवर, राष्ट्रीय महामार्ग ९३० वर आहे. गडचिरोली सोडले की चातगाव, मग मेंढा (लेखा), मग धानोरा, पुढे येरकड, मुरूमगाव आणि मग छत्तीसगड. गावात टॉवर आहेत, गावांच्या मध्ये झाडे आहेत. पावसाळ्यात ओल्या पानांच्या दाटीतून लहरी आणखी क्षीण होतात, म्हणून मोबाइलवरची एखादी कांडी ऋतुमानानुसार येते-जाते आणि मोहफुलाच्या दिवसांत जिथून फोन लागतो तिथून रोवणीच्या दिवसांत लागत नाही. त्यातून गाडीचे सिम एका कंपनीचे आणि समोरचा टॉवर दुसऱ्या कंपनीचा असला की उभय पक्षांची ओळखच नसते. नक्षलग्रस्त भागांसाठीच्या सरकारी योजनेतून बीएसएनएलचे जे टॉवर उभे राहिले ते बराच काळ टूजीवर होते. एप्रिल २०२२ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने दहा राज्यांतल्या अशा २,३४३ ठिकाणी फोरजी करायला मंजुरी दिली. हे टॉवर सुरक्षेसाठी शक्यतो पोलीस ठाण्याच्या किंवा छावणीच्या आसऱ्याला असतात. टॉवर जाळण्याचे प्रकार या जिल्ह्यात घडलेले असल्याने त्यात गैर काही नाही. पण त्यातून अशी स्थिती होते, की जिथून मदतीचा फोन लागतो तिथे पोलीस मदत केंद्राची पाटी समोरच दिसत असते, आणि पाटी दिसेनाशी झाली की थोड्याच अंतरात फोनही लागेनासा होतो.

दुरुस्तीच्या तक्रारीवर याचा परिणाम असा. गडचिरोलीच्या गॅरेजमध्ये दिवा हिरवा असतो. मालक तो पाहतो, मान डोलावतो, गाडी घेऊन निघतो. चातगावपुढे केव्हातरी दिवा लाल होतो. मालक गाडी थांबवून दिव्याचा फोटो काढतो आणि मेकॅनिकला पाठवतो. फोटो जात नाही, कारण टॉवर नाही. धानोऱ्यात पोचल्यावर फोटो जातो, पण तोवर दिवा हिरवा झालेला असतो. मेकॅनिक उत्तर देतो, “गाडी घेऊन या जी, पाहून घेऊ.” गाडी परत गडचिरोलीला जाते आणि इंदिरा गांधी चौकात शिरताना दिवा पुन्हा हिरवागार. मेकॅनिकच्या मते मालकाला वहम आहे आणि मालकाच्या मते मेकॅनिकचा हात लागला की सगळे भूत पळते. दोघांचेही चुकते. दिवा खरे तेच सांगत होता, फक्त तो गाडीविषयी बोलत नव्हता.

म्हणून नियम असा करता येतो: गावात हिरवा आणि रानात लाल, तर गाडीला हात लावू नये. भर चौकात लाल, तर कपलर शोधावा. काही गाड्यांत टॉवर गेला तरी दिव्याचा रंग बदलत नाही. त्या गाड्यांचे मालक सगळ्यांत निश्चिंत असतात. हिरवा दिवा म्हणजे डबा शाबूत आहे एवढीच हमी. फोन लागेल अशी हमी त्यात कोणी दिलेली नाही. उपग्रहाला टॉवरची गरज नसल्यामुळे ग्यारापत्तीच्या रस्त्यावर गाडीला आपण नेमके कुठे आहोत हे पक्के ठाऊक असते. फक्त ते कोणाला सांगावे याची सोय नसते.

कपलर सापडला, बसवला, दिवा हिरवा झाला, की चाचणीचा फोन. काही कंपन्यांनी त्यासाठी स्कॅनरमधून वेगळी सोय दिलेली आहे. ती नसेल तर गाडी उभी करून बटन दाबावे आणि पलीकडचा माणूस बोलू लागताच ही चाचणी आहे असे पहिल्या वाक्यात सांगावे. हे पहिले वाक्य फार महत्त्वाचे आहे आणि बहुधा तेच राहून जाते. त्याचे कारण, फोन लागल्याच्या आनंदात गॅरेजमधले सगळे गाडीभोवती गोळा होतात आणि पलीकडून प्रश्न आधी येतो.

“नमस्कार, आपण सुरक्षित आहात का?”

“हव जी, एकदम.”

“गाडीत किती जण आहेत?”

“गाडीत कोनी नाई. खाली सात-आठ जन आहेत.”

“खाली? गाडीखाली?”

“नाई, एक जन गाडीखाली आहे. बाकीचे उभे आहेत.”

यापुढे ही चाचणी आहे हे पटवणे कठीण जाते. मग ठिकाणाची चौकशी होते. धानोरा म्हटल्यावर पलीकडचा पडद्यावर पाहून विचारतो, कोणते धानोरा? प्रश्न रास्त आहे. जळगाव जिल्ह्यात चोपडा तालुक्यात एक धानोरा आहे, बीड जिल्ह्यात आष्टी तालुक्यात एक आहे, आणखीही आहेत. मालकाला हे ऐकून थोडे वाईट वाटते. त्याच्या माहितीत धानोरा एकच असते आणि बाकीची जगे त्याच्या आजूबाजूला असतात. गाडीने अक्षांश-रेखांश आपोआप पाठवायचे ते यासाठीच. धडकेनंतर माणसाला पत्ता सांगायला लावला, तर तो आडनावापासून सुरुवात करतो.

प्रवासी वाहनांचा नियम वेगळा आणि कडक आहे. एआयएस-१४० या मानकाप्रमाणे १ जानेवारी २०१९ पासून नोंदणी होणाऱ्या बस, टॅक्सी अशा सार्वजनिक वाहनांना ठिकाण कळवणारे यंत्र आणि आपत्कालीन बटने बंधनकारक झाली. रिक्षांना सूट आहे. डिसेंबर २०१२ च्या दिल्लीतल्या घटनेनंतर महिलांच्या सुरक्षेसाठी जे उपाय झाले त्यांतला हा एक. धानोरा तालुक्यातल्या काटेझरी गावाला पहिली एसटी बस एप्रिल २०२५ मध्ये आली. तिच्यासाठीचा बटनाचा नियम सहा वर्षे आधीच तयार होऊन तिची वाट पाहत होता.

ठिकाण कळवणाऱ्या या यंत्राचे दुरुस्तीशी मुळातच पटत नाही. मुख्य बॅटरी तोडली, तर ते तशी सूचना पाठवते. बटनाची तार निघाली, तरी पाठवते. करकचून ब्रेक लावला, वळण जोरात घेतले, तरी नोंद करते. मेकॅनिकने टर्मिनल काढले की यंत्राच्या लेखी गाडीवर हल्ला झालेला असतो. मुख्य वीज गेली तरी निदान चार तास चालेल अशी बॅटरी त्याच्याकडे असते, आणि ते चार तास ते गॅरेजमधून इमानाने संकटाचे अहवाल पाठवत राहते. संध्याकाळी ट्रायल मारताना रस्त्यात बसलेल्या गुरांमुळे ब्रेक लागतात, त्यांचे अहवाल वेगळे. ज्याने हे सारे वाचायचे त्याने ते वाचले, तर काळी-पिवळीचे आयुष्य एखाद्या कादंबरीइतके खडतर वाटेल.

टॉवर नसेल तिथली माहिती हे यंत्र साठवून ठेवते, किमान ४०,००० नोंदी, आणि टॉवर आला की क्रमाने पाठवते. योजना उत्तम आहे. तिचा व्यवहार असा, की पेंढरीच्या रस्त्यावर दाबलेले बटन धानोऱ्याच्या चौकात पोचल्यावर ओरडते. तोवर दाबणारी बाई उतरून, भाडे देऊन, बाजाराकडे गेलेली असते. तिने बटन दाबले ते मुळात गाडी थांबवण्यासाठी. पूर्वी त्यासाठी छताचा पत्रा थापटत आणि ड्रायव्हर लगेच थांबे. पत्र्याला टॉवर लागत नाही. बटनाचा असा उपयोग होऊ लागल्यावर कोणी ड्रायव्हर त्याच्यावर प्लास्टिकची टोपी बसवतो, कोणी चिकटपट्टी लावतो. गाडी पासिंगला गडचिरोलीच्या आरटीओत न्यायच्या आदल्या दिवशी टोपी निघते आणि गाडी पास झाली की परत बसते.

न मागितलेली मदत येणे हा दोष फक्त गरीब देशांच्या वाट्याला आलेला नाही. २०२२ मध्ये आयफोन १४ मध्ये अपघात ओळखण्याची सोय आली, तेव्हा अमेरिकेत सिनसिनाटीजवळच्या करमणूक बागेत रोलर कोस्टरवर बसलेल्यांचे फोन आपोआप आपत्कालीन क्रमांकाला लागू लागले. हिसके, झोके आणि किंकाळ्या एवढ्यावरून फोनने अपघात ठरवला होता. त्या फोनला तालुक्यातल्या एखाद्या आतल्या रस्त्यावरून पावसाळ्यात फिरवून आणले असते, तर कारखान्यातच त्याची समजूत घालता आली असती.

दुरुस्तीच्या सगळ्या पायऱ्या संपून यंत्रणा तरीही बंदच असेल, तर खिशातला मोबाइल हा अधिकृत पर्याय आहे, आणि तो गाडीच्या बटनापेक्षा एका बाबतीत वरचढ आहे. गाडीचा फोन कंपनीच्या साध्या क्रमांकाला जातो, त्यामुळे त्याला आपल्या सिमच्याच कंपनीचा टॉवर लागतो. मोबाइलवरून ११२ लावला, तर जवळ जो टॉवर असेल तो कोणत्याही कंपनीचा असला तरी चालतो. पडद्यावर ‘फक्त आपत्कालीन कॉल’ असे येते त्याचा अर्थ हाच. १ जानेवारी २०१७ पासून देशात विकल्या जाणाऱ्या मोबाइलमध्ये आपत्कालीन बटनाची सोयही सक्तीची आहे. स्मार्टफोनवर पॉवरचे बटन लागोपाठ तीनदा, साध्या फोनवर ५ किंवा ९ चा आकडा दाबून धरायचा. हे वाचून कोणी करून पाहू नये. अजिबात टॉवर नसेल तर रस्त्यावरून जाणाऱ्या पहिल्या मोटरसायकलवाल्याला हात दाखवावा. २०१९ च्या दुरुस्तीने मोटार वाहन कायद्यात आलेले कलम १३४ अ अशा मदत करणाऱ्याला दिवाणी आणि फौजदारी जबाबदारीतून मोकळे ठेवते. मोटरसायकलवाल्याला कलम माहीत नसते, तरी तो थांबतो.

राहता राहिला खर्च. विम्याच्या दाव्यात प्लास्टिक, रबर, बॅटरी आणि एअरबॅग यांवर ५० टक्के घसारा कापतात, त्यामुळे बटनाची प्लास्टिकची पट्टी आणि डब्याची छोटी बॅटरी यांचे निम्मे पैसे मालकाच्या खिशातून जातात. काचेवर घसारा नाही. आरशामागचा कपलर परत लावणे हे काचेच्या मजुरीत धरायचे की वायरिंगच्या, यावर गॅरेज आणि सर्वेअर यांचे अजून एकमत झालेले नाही.